इदालिनाची चार मिनिटं

मी एक पत्र्याचा डबा बोलतोय. गोल, चपटा, लहान भाकरीएवढा घेर, अडीच बोटं उंची. झाकणावर ठोकून उमटवलेला एक मासा आहे. अंगावर गंज आहे आणि एका बाजूला पोचा. माझ्याकडे बघून कुणाला खरं वाटणार नाही, पण अठ्ठावन्न वर्षं माझ्या पोटात सिनेमाचा एक तुकडा होता. चार मिनिटांचा. तो जाळून टाका असा हुकूम सुटला होता. तो जळला नाही, कारण एका बाईने हट्ट धरला आणि मी तोंड मिटून बसलो.

पोर्तुगालमध्ये जन्मलेला डबा मराठी कसा बोलतो, असं तुम्ही विचाराल. त्याचं असं आहे. न्यू जर्सीत पार्सिपनीला ज्या कपाटात मी अकरा वर्षं काढली, त्याची भिंत शेजारच्या शरयूकाकूंच्या स्वयंपाकघराला लागून आहे. काकू रोज सकाळी पुण्याला बहिणीला फोन लावतात आणि स्पीकरवर बोलतात. एवढं ऐकल्यावर दगडालाही मराठी आली असती, मी तर पत्रा. पत्र्याला लवकर आवाज फुटतो.

माझा जन्म सेतूबल नावाच्या बंदरगावातला. पत्र्याच्या कारखान्यात आम्ही हजारोंनी कापले गेलो. माझे बहुतेक भाऊ सार्डिन मासे भरायला गेले. आमच्यातले थोडे मोठ्या मापाचे निघाले, ते लिस्बनच्या एका सिनेमा कंपनीने उचलले. ठसा मात्र तोच होता, म्हणून मासा माझ्याही कपाळी आला. सिनेमावाले हसायचे. म्हणायचे, याच्यातून नायिका निघेल की बांगडा?

इदालिना सेर्केरा त्याच गावची. आई सार्डिनच्या कारखान्यात, ही तेराव्या वर्षी आईच्या शेजारी उभी. दिवसाचे दहा तास मासे रचायचे, शेपटीकडे डोकं, डोक्याकडे शेपटी. एकोणिसाव्या वर्षी गावात सिनेमावाले आले, मासळीबाजाराचं चित्रण करायला. सगळ्या बायका कॅमेऱ्याकडे बघून लाजायला लागल्या. ही पुढे झाली आणि कॅमेरावाल्याला म्हणाली, "पाय काढ. माझ्या टोपलीवर उभा आहेस." दिग्दर्शकाने ते वाक्य सिनेमात ठेवलं आणि हिला लिस्बनला बोलावलं.

सहा वर्षांत सात सिनेमे. पहिल्यात मासेवाली, दुसऱ्यात कोळ्याची बायको, तिसऱ्यात त्याच कोळ्याची विधवा. चौथ्यापासून मात्र श्रीमंतांच्या घरच्या बायका मिळायला लागल्या, कारण मान ताठ ठेवायला तिला कुणी शिकवावं लागलं नाही. रस्त्यात लोक ओळखू लागले, तिच्या केसांसारखे केस पोरी कापून घेऊ लागल्या. आई मात्र म्हणायची, हातांना अजून मासळीचा वास आहे, हातमोजे घाल. ती घालायची नाही.

आठवा सिनेमा सार्डिनच्या कारखान्यावरच होता. संध्याकाळी भोंगा झाला की बायकांनी फाटकाशी रांगेत उभं राहायचं आणि मुकादमाने प्रत्येकीची पिशवी उघडून बघायची, कुणी मासे चोरले नाहीत ना. हे खरंच तसं चालायचं. कथेत असं लिहिलं होतं की तिची पाळी येते, ती रडते, हात जोडते. कॅमेरा सुरू झाला आणि इदालिना रडली नाही. आईच्या तोंडात आयुष्यभर अडकून राहिलेलं जे काही होतं, ते तिने मुकादमाला सुनावलं. चार मिनिटं. दिग्दर्शकाने धावत येऊन तिला मिठी मारली. "हाच सिनेमा आहे," म्हणाला. "बाकीचं सगळं याच्या पुढेमागे लावायचं."

तेव्हा त्या देशात हुकूमशाही होती. सेन्सॉरच्या साहेबांनी सिनेमा पाहिला आणि ती चार मिनिटं कापून जाळायला सांगितली. शिवाय दोघांकडून माफीचा कागद मागितला. दिग्दर्शकाने सही केली. इदालिनाने साहेबांना सांगितलं, मी मासे भरणारी बाई, मला लिहिता येत नाही. आणि बाहेर पडताना त्याच साहेबांच्या शिपायाला त्याच्या मुलीसाठी फोटोवर झोकदार सही करून दिली. साहेब दारातून बघत होते.

त्या दिवसानंतर तिला काम मिळालं नाही.

संकलनाच्या टेबलाशी एक मदतनीस मुलगी होती. तिने साहेबांसमोर दुसराच कसला तरी निरुपयोगी तुकडा जाळला आणि ही चार मिनिटं काळ्या कागदात गुंडाळून माझ्यात घातली. कोबीच्या टोपलीतळी लपून मी इदालिनाच्या घरी आलो. आवाजाची पट्टी वेगळी असायची, ती आधीच जप्त झाली होती. म्हणजे माझ्याकडे चित्र होतं, आवाज नव्हता. तोंड हलणारी बाई होती, पण ती काय म्हणतेय ते फक्त इदालिनाला माहीत होतं.

तीन वर्षांनी ती अमेरिकेला आली. नूअर्कमध्ये तिच्या देशाचे लोक खूप, तिथे पडदे शिवायच्या कारखान्यात लागली. लग्न केलं, नवरा सुतार होता, भला माणूस. सुट्टी काढून न्यूयॉर्कला कामं मागायला जायची. अमेरिकन सिनेमात तिने इटालियन आजी केली, मेक्सिकन मोलकरीण केली, दोनदा ग्रीक विधवा केली. पोर्तुगीज बाई एकदाही नाही. एकाने सांगितलं, तुमचे उच्चार पुरेसे परदेशी वाटत नाहीत. ती म्हणाली, मग तूच कर, तुला तर बोलायलाच अजिबात येत नाही. ते काम गेलं. अशी तिने बरीच कामं घालवली आणि मला त्यातल्या एकाचंही वाईट वाटत नाही.

मग तिकडची हुकूमशाही पडली. इदालिनाने नाचत तिकीट काढलं, मला बॅगेत ठेवलं. जायच्या आठवड्यात नूअर्कच्या पोर्तुगीज क्लबात लिस्बनचं वर्तमानपत्र आलं, त्यात दिग्दर्शकाची मुलाखत. आता तो मोठा शूर माणूस झाला होता. माफीच्या कागदाचं नावही नाही. कापलेल्या प्रसंगाबद्दल म्हणाला, "तो सेन्सॉरने नाही, मीच काढला. इदालिनाला तो जमला नव्हता. घाबरली होती बिचारी."

चोर सोडून संन्याशाला सुळी, दुसरं काय! ते वाक्य एका पुस्तकात गेलं, तिथून दुसऱ्या, तिथून शाळाकॉलेजांत. अजूनही तिचं नाव कुठे निघालं तर पुढे हेच येतं: चेहरा छान होता, मोठा प्रसंग पेलला नाही. इदालिनाने तिकीट फाडलं. शिव्या ऐकून तिला काही झालं नसतं, पण 'बिचारी' तिला फार लागलं.

तुम्ही म्हणाल, मग डबा उघडून का नाही दाखवला? मीही वर्षानुवर्षं हेच म्हणत होतो. एकदा नवऱ्याने विचारलं, तेव्हा ती पाठ करून उभी होती. म्हणाली, "मी तो कधी पाहिलेलाच नाही. आणि उघडल्यावर त्याचंच खरं निघालं तर?"

एवढी वाघीण, आणि तिला भीती कशाची, तर माझ्या झाकणाची. म्हणून मी बंदच राहिलो. आतली फिल्म हळूहळू आंबत गेली, व्हिनेगरचा वास सोडायला लागली. जुनी फिल्म अशीच मरते.

नवरा गेल्यावर ती पार्सिपनीच्या या घरात आली. शेजारी डॉक्टर पुरुषोत्तम आणि शरयूकाकू. पन्नास वर्षांपूर्वी आलेली जोडी, आता रिटायर. दोन्ही बायकांची लगेच गट्टी जमली. इंग्रजी दोघींचंही आपापल्या गावचं, पण भांडायला आणि हसायला पुरत होतं. इदालिना दालचिनी घातलेली भाताची खीर पाठवायची. काकूंकडून तो खिरीचा डबा चकल्या नाहीतर वड्या भरून यायचा. कुणाचा डबा रिकामा परत करायचा नाही, हा काकूंचा नियम. त्या सोसायटीतल्या अमेरिकन पोस्टमनलासुद्धा तो आता पाठ आहे. मात्र आपण एकेकाळी नटी होतो हे इदालिनाने काकूंना कधी सांगितलं नाही. मासळीच्या कारखान्यात होते, एवढंच सांगितलं.

गेल्या मार्चमध्ये लिस्बनहून एका बाईचा फोन आला. ती एका चित्रपट महोत्सवाचं काम बघते. तो आठवा सिनेमा पुन्हा नीट करून दाखवणार होते. तिने विचारलं, "त्या कापलेल्या प्रसंगाचं काही उरलंय का हो? तुम्ही सोडून विचारायला कुणी राहिलं नाही."

इदालिनाने फोन ठेवला. तिसऱ्या दिवशी वय वर्षं त्र्याऐंशी, स्टुलावर चढली आणि कपाटाच्या वरच्या फळीवरून मला ओढलं. मी हाताशी आलो आणि स्टूल सरकलं. माझ्या अंगावरचा पोचा तेव्हाचा. तिचं खुब्याचं हाड मोडलं. आवाज ऐकून काकू आल्या, अ‍ॅम्ब्युलन्स आली. स्ट्रेचरवरून तिने मला काकूंच्या हातात दिलं. वेदनेने तोंडून शब्द फुटत नव्हता. "ठेव," एवढंच म्हणाली.

काकूंनी मला ओट्यावर ठेवलं. दोन दिवसांत घरभर आंबट वास.

"अहो, हे जरा स्मेल करून बघा," काकू म्हणाल्या.

"मला कुठला स्मेल, कोविडनंतर?" डॉक्टर पेपरातून म्हणाले. "काय आहे त्यात?"

काकूंनी माझं झाकण निरखलं. मासा. माशावरून बोट फिरवलं आणि चेहरा पालटला. त्या जन्माच्या शाकाहारी. अंड्याचा केकसुद्धा विचारून खाणाऱ्या. मासळीच्या कारखान्यातली बाई, माशाचा डबा, आंबट वास. त्यांनी हिशेब जुळवला. मी ओरडून सांगत होतो, पण झाकण लावलेल्या डब्याचं ऐकतंय कोण.

त्यांच्या मनात वाईट काही नव्हतं, हे मला सांगायलाच हवं. उलट चांगुलपणानेच घात केला. एकटी म्हातारी, खारवलेले मासे ठेवून विसरली असेल, तिला लाज वाटायला नको, असा त्यांनी विचार केला. नऊ दिवसांनी ऑपरेशन होऊन इदालिना रिहॅबमध्ये, म्हणजे पुन्हा चालायला शिकवतात त्या केंद्रात, आली, तेव्हा काकू सकाळी कामाला लागल्या. डॉक्टरांकडून स्क्रूड्रायव्हरने माझं झाकण उचकटून घेतलं. आत काळ्या कागदाचं पुडकं. नाकाला पदर नव्हता म्हणून ओढणी लावली, चिमट्याने पुडकं उचललं, न उघडता दोन पिशव्यांत गाठ मारून बांधलं आणि बाहेर डंपस्टरमध्ये, कचऱ्याच्या मोठ्या लोखंडी पेटीत, टाकलं. मला तीनदा घासलं, एकदा लिंबाने. मग माझ्यात डिंकाचे लाडू भरले. मोडलेल्या हाडाला डिंकासारखं औषध नाही. माझी उंची कमी, म्हणून लाडू थोडे चपटे वळले.

रिहॅबच्या खोलीत इदालिना खुर्चीत बसली होती. मला बघून तिचे डोळे चमकले. तिने दोन्ही हात पुढे केले. काकूंनी झाकण काढलं. "इंडियन मेडिसिन. फॉर बोन्स."

इदालिनाने लाडवांकडे बघितलं, मग काकूंकडे. अगदी हळू विचारलं, "आतलं कुठे आहे?"

"ते स्पॉइल झालं होतं गं," काकू तिचा हात धरून म्हणाल्या. "फिश. मी टाकून दिलं. डोन्ट वरी, मी कुणाला सांगितलं नाही."

"ते मासे नव्हते," इदालिना म्हणाली. "ती मी होते."

मग तिने सांगितलं. सगळं नाही, पाच-सहा वाक्यांत. सिनेमा, कापलेला तुकडा, 'जमला नव्हता' म्हणणारा माणूस, लिस्बनचा फोन. काकूंच्या तोंडचं पाणी पळालं. त्या खाली बसल्या, मग लगेच उभ्या राहिल्या. कचऱ्याची गाडी दर गुरुवारी दोनला येते. आज गुरुवार. घड्याळात एक वाजून दहा.

इदालिनाने लाडू स्वतःच्या मांडीवर ओतले आणि मला काकूंच्या हातात कोंबलं. "जा."

काकू एरवी ताशी पस्तीसच्या रस्त्यावर पंचवीसने जाणाऱ्या. त्या दिवशी मी पुढच्या सीटवरून दोनदा खाली पडलो. डॉक्टरांना फोन लावत होत्या, ते दुपारच्या झोपेत. घरी पोचल्यावर दारातूनच हाक मारली, "अहो उठा, शिडी आणा!"

डंपस्टर बारा घरांचा. काकू चौऱ्याहत्तर वर्षांच्या, उजवा गुडघा बदललेला. डॉक्टर शिडी धरून खालून म्हणत होते, "शरयू, तुझा नी! अगं, मी जातो ना!" "तुम्हाला वास येत नाही, तुम्हाला कसं सापडणार?" असं म्हणून काकू आत उतरल्या. कुणाच्या हाडकांत, कुणाच्या उरलेल्या नूडल्समध्ये, जिच्या घरात लसूण-कांदासुद्धा चार महिने बंद असतो ती बाई कोपरापर्यंत हात घालून आंबट वासाचा माग काढत होती. पिशवी सापडली तेव्हा वरून कुणाच्या तरी सूपचा डबा फुटला होता. दोन्ही पिशव्या फाटल्या होत्या आणि काळा कागद भिजला होता.

इथवर सगळं निभावलं असतं. पण काकूंना ओलं काही दिसलं की पुसल्याशिवाय राहवत नाही. ओट्यावर पट्टीचं बाहेरचं टोक उलगडून त्यांनी पेपर टॉवेलने पुसायला घेतलं, हळुवार हाताने, जसं नातवाला पुसावं. चित्रच टॉवेलवर उतरलं. करडा चिखल राहिला नि खाली कोरी पारदर्शक पट्टी.

तेवढ्यात डॉक्टरांनी आश्लेषाला व्हिडिओ कॉल लावला. त्यांच्या धाकट्या भावाची मुलगी, नागपूरची, इथे केमिस्ट्रीत पीएचडी करते. "काकू, स्टॉप! हात काढा!" ती ओरडली. "काही पुसू नका, काही धुऊ नका. आहे तसं पिशवीत घाला, फ्रिजमध्ये ठेवा, मी ड्राइव्ह करून येतेय. अरे यार, काकू!"

आश्लेषा दोन तासांत आली. पुढचे तीन आठवडे ती कुणाकुणाला गाठत होती. जुन्या फिल्म सुकवून, उलगडून त्यांची डिजिटल प्रत करणारं एक ठिकाण तिने शोधलं. चार मिनिटांपैकी साडेतीन मिनिटं वाचली. पट्टी उलटी गुंडाळलेली होती, शेवट बाहेरच्या बाजूला. म्हणजे गेलं ते शेवटचं अर्धं मिनिट.

हे सांगायला काकू स्वतः गेल्या. आश्लेषा म्हणत होती मी सांगते, त्यांनी ऐकलं नाही. मी त्यांच्या हातात होतो. "माझ्या हाताने गेलं," त्या म्हणाल्या. "सूपने नाही. मी पुसलं."

इदालिनाने मान फिरवली. "बाकीची साडेतीन मिनिटं त्या अर्ध्या मिनिटासाठी होती," म्हणाली. "जा आता."

ती काही संत नाही, हे बरंच आहे. चार दिवस तिने काकूंना भेटू दिलं नाही. काकू तरी रोज यायच्या, बाहेरच्या बाकावर अर्धा तास बसून परत जायच्या. पाचव्या दिवशी तिने नर्सला सांगितलं, बाहेर बसलेल्या त्या हट्टी बाईला आत पाठव, आणि त्या पोरीला लॅपटॉप घेऊन बोलाव.

आश्लेषाने लॅपटॉप मांडीवर ठेवला. "इदामावशी, रेडी?"

"नाही," इदालिना म्हणाली. "लाव."

मीसुद्धा पहिल्यांदाच बघत होतो. एवढी वर्षं पोटात बाळगलेलं माणूस मला कधी दिसलं नव्हतं. काळ्या-पांढऱ्या प्रकाशात एक रांग. पंचवीस वर्षांची पोरगी, डोक्याला रुमाल, हातात पिशवी. मुकादम पुढे येतो. ती मान वर करते. आवाज नाही, नुसते ओठ. पण सांगतो तुम्हाला, आवाज नसूनही काकूंबरोबर आलेल्या डॉक्टरांनी चष्मा काढला. ती पिशवी उलटी करते, कंगवा पडतो, पावाचा तुकडा पडतो. मुकादम वाकतो, ती त्याला वाकू देत नाही. बोलत राहते. तिच्या मागच्या बायका, त्या खऱ्या कारखान्यातल्या, आपण सिनेमात आहोत हे विसरून तिच्याकडे बघायला लागतात. मग तिने एक हात वर उचलला आणि पडदा पांढरा झाला.

इदालिना पडद्याजवळ वाकली. घाबरलेली, बिचारी, कुठे दिसते का, हे ती शोधत असावी. मग नाक ओढून म्हणाली, "बरं काम केलंय पोरीने."

आश्लेषा रडायला लागली. इदालिना म्हणाली, "रडतेस काय, पुन्हा लाव." सात वेळा बघितलं.

लिस्बनच्या बाईशी व्हिडिओवर बोलणं झालं, तेव्हा ती आनंदाने खुर्चीत मावत नव्हती. मग कामाचं बोलली. आवाज नाही, तर तुमच्या जुन्या सिनेमांतला आवाज घेऊन कॉम्प्युटर तुमचाच, पंचविशीतला आवाज तयार करेल. शेवटचं नाही, तर तिथे पाटी टाकू: यापुढचा भाग उपलब्ध नाही.

"उपलब्ध नाही?" इदालिना म्हणाली. "मी इथे बसलेय ना."

"पण तुमचा आवाज आता..."

"म्हातारा आहे. माझा आहे. एकदा दुसऱ्याने लिहिलेल्या माफीवर सही करायची नाही म्हणून मी घर सोडलं. आता मशीन माझ्या वतीने बोलणार?"

"आणि चित्र नसेल तिथे?"

"तिथेही बोलेन. तुझा कॅमेरा घे आणि इकडे ये. मला विमानात चढता येत नाही, तुला येतं."

ती बाई आली, याचं मला कौतुक वाटतं.

जूनमधल्या एका रविवारी दुपारी तीन वाजता रिहॅबच्या जेवणघरात खेळ ठरला. प्रोजेक्टर आणि पडदा महाराष्ट्र मंडळाचा, डॉक्टरांनी उचलून आणलेला. नूअर्कच्या क्लबातून वीसेक माणसं आली, त्यांतल्या तीन म्हाताऱ्या स्वतः सेतूबलच्या. काकूंनी मंडळातल्या ओळखीच्या सगळ्यांना गोळा केलं होतं. बाकी रिहॅबचे लोक, व्हीलचेअर, वॉकर, ऑक्सिजनच्या नळ्या. काकू शेवटच्या रांगेत बसल्या आणि मला मांडीवर घेतलं.

इदालिना वॉकर धरून पडद्याशेजारी उभी राहिली. तिला खुर्ची दिली, तिने ती पायाने सरकवली. तिथल्या थेरपिस्ट बाईने सांगितलं होतं, दोन मिनिटांपेक्षा जास्त उभं राहायचं नाही. दिवे गेले. पडद्यावर रांग दिसली. पंचवीस वर्षांच्या पोरीचे ओठ हलले आणि त्र्याऐंशी वर्षांच्या बाईचा खरखरीत आवाज त्यावर बसला. एक शब्द पुढे नाही, एक मागे नाही. भाषा तिची, आश्लेषाने खाली इंग्रजी अक्षरं लावली होती. सेतूबलच्या त्या तीन म्हाताऱ्यांना अक्षरांची गरज नव्हती. त्यांतल्या एकीने स्वतःची पर्स छातीशी घट्ट धरली.

साडेतीन मिनिटं झाली. हात वर उचलला गेला आणि पडदा पांढरा झाला.

काकूंनी मान खाली घातली. त्यांची बोटं माझ्या कडेत रुतली होती. खोलीतल्या लोकांना वाटलं, संपलं. कुणीतरी दिव्याच्या बटणाकडे गेलं.

"दिवा लावू नका," इदालिना म्हणाली.

ती वॉकर सोडून एक पाऊल सरकली. दुसरं सरकली. थेरपिस्ट बाई उठली, डॉक्टरांनी तिला हाताने थांबवलं. इदालिना प्रोजेक्टरच्या उजेडात पडद्यासमोर येऊन उभी राहिली, सगळा पांढरा प्रकाश तोंडावर घेऊन. हात तिने तिथूनच उचलला, जिथे पोरीचा तुटला होता. बोटं वाकडी, शिरा वर आलेल्या.

"बघ हे हात," ती समोर मुकादम असल्यासारखी म्हणाली. "सकाळी आणले तेव्हा माझे होते. आता त्यांना तुझ्या कारखान्याचा वास आहे, आणि तो माझ्या लेकराच्या अंगालाही लागतो. चोरी कुणी कुणाची केली? उद्यापासून मी पिशवी उघडणार नाही. आधी तुम्ही तुमची उघडा. सगळ्यांसमोर. इथे, फाटकात. आम्ही रांगेत उभ्या आहोत, आम्हाला घाई नाही."

आणि ती तशीच उभी राहिली. हात वर, वॉकर दोन पावलं मागे, मान ताठ. क्लबातल्या त्या तीन म्हाताऱ्या उठून उभ्या राहिल्या. मग त्यांच्यामागे बाकीच्या. मग शेवटच्या रांगेत काकू उभ्या राहिल्या, मला पोटाशी धरून.

इदालिनाने हात खाली घेतला आणि इंग्रजीत, सगळ्यांना समजेल असं म्हणाली, "झालं. एवढंच कापलं होतं त्यांनी."

लिस्बनच्या बाईने कॅमेऱ्यात टिपलेलं ते अर्धं मिनिट आता तिकडे त्या सिनेमात आहे. साडेतीन मिनिटं पोरगी, अर्धं मिनिट म्हातारी, मध्ये पाटी नाही. खरी पट्टी तिकडच्या थंड कोठीत, प्लास्टिकच्या नव्या डब्यात ठेवली आहे. मलाही मागत होते, काचेच्या कपाटात ठेवायला. इदालिना म्हणाली, त्यालाच विचारा.

मी नाही जात. माझं काम झालं, मी रिकामा आहे आणि मला त्याचं काही वाटत नाही. तुम्हाला मात्र एवढंच सांगतो: कुणाच्या कपाटात माझ्यासारखा गंजका डबा निघाला, आंबट वास आला, तर टाकण्याआधी त्या घरातल्या म्हातारीला एकदा विचारा. आणि पुन्हा कुणी लिहिलंच की इदालिना सेर्केराला तो प्रसंग जमला नव्हता, तर त्याला माझ्यापुढे आणून उभं करा. मी गंजलोय, बहिरा झालेलो नाही.